कुठल्या लढाईत

पाथरवटानं विचारलं, "कुठल्या लढाईत?"
छिन्नी नुसती टेकवलेली.
नावाखाली दोन बोटं जागा कोरी.
शेजारच्या शिळेवर गावातली जुनी माणसं आहेत,
बसरा, पासष्ट, एकाहत्तर, कारगिल.
आमच्या सिदनाथदादाला यातलं काहीच लागू नाही.

मंगळवार होता. शत्रू नव्हता.
समोर मातीचा बांध, बाजूला वाळूची पोती,
आणि दादाशेजारी हावेरीकडचा चन्नबसू,
एकोणीस वर्षांचा, तळहात घामेजलेला.
पिन निघाली. हात मागं गेला.
आणि बॉम्ब निसटला
ओल्या साबणासारखा,
दोघांच्या बुटांमध्ये.

चार सेकंद असतात म्हणे.
मी सेलमला सोनं गाळतो, मला आगीचा हिशेब कळतो.
चार सेकंदांत मूस साधी लाल होत नाही.
तेवढ्यात दादानं पोराची कॉलर धरली
आणि त्याला पोत्यांपलीकडं भिरकावला,
जसा मला विहिरीत टाकायचा पोहायला शिकवताना,
न विचारता, एक शिवी हासडून.
मग उरलेल्या वेळात
तो त्या लोखंडावर पालथा झाला.
उरलेला वेळ किती होता
ते पलटणीच्या कागदात नाही.

तेराव्यानंतर चन्नबसू आला,
आटपाडीच्या एसटीनं, फाट्यापासून चालत.
डाळिंबाच्या झाडाशी उभा राहिला. आत येईना.
येत होती तेवढ्या मराठीत म्हणाला,
"माझ्या हातातनं पडलं, वैनी."

वैनीनं काही विचारलं नाही.
चहा दिला, काठोकाठ.
कप बशीत खडखडायला लागला,
शर्टावर सांडला, कट्ट्यावर सांडला.
तो खाली ठेवायला वाकला तर म्हणाली,
"असू दे. सांडलं तर सांडलं. धर."
आणि परत भरला.

दुसऱ्यांदा थोडा कमी सांडला.

मी आत जाऊन भिंतीकडं तोंड करून उभा राहिलो.
खुंटीवर दादाचा पट्टा होता,
बक्कल अजून चकचकीत.
आमच्या धंद्यात असल्या पितळेला कुणी हात लावत नाही.

"सराव लिहा," वैनीनं सांगून पाठवलं.
"त्यांचं कामच होतं ते."
पाथरवट म्हणाला, "एवढंच?"
एवढंच. तीन अक्षरं, एक काना.

शिळा हलू नये म्हणून चन्नबसू
दोन्ही हातांनी ती धरून बसला.
पहिला घाव पडला.
तो दचकला, डोळे मिटले,
पण हात काढला नाही.