उपशीर्षकांशिवाय

डिचोलीत उत्तम च्यारीच्या गच्चीवरची डिश
वाड्यातल्या सगळ्या डिशांकडे पाठ करून उभी.
बावीस वर्षं कुवेतात दारं बसवली त्याने,
शेजारच्या खाटेवर कैरोचा एक प्लंबर.
येताना आणलं काय, तर एक मिक्सर,
मधुमेह,
आणि इजिप्तच्या एका विनोदी मालिकेची सवय.

रात्री साडेनऊला आम्ही सात-आठ जण.
पडद्यावर कचेरी. पंखा. पंख्याखाली कारकून.
समोर एक म्हातारी, हातात कागदांची सुरळी.
कारकून म्हणतो, बुकरा.
उत्तम म्हणतो, "फाल्यां यो म्हणटा."
हे कसलं भाषांतर?
हे तर आपलं मामलेदार ऑफिस, फक्त पंखा चालू.

मग फ्लॅट नाही म्हणून लग्न अडलेला एक मुलगा,
त्याच्याकडे फ्रीजचे लिटर विचारणारा सासरा,
एकाच गटाराचं तिसऱ्यांदा उद्घाटन करणारा पुढारी,
आणि कुणाच्याही मयताला जाऊन
चहात साखर कमी होती म्हणणारी मावशी.
"ही आमची रुक्मा!" कुणीतरी ओरडलं.
रुक्मा तिथेच होती. सगळ्यांत जास्त तीच हसली.

एका रात्री तलाठी फळदेसाईच येऊन बसले.
सगळे चिडीचूप.
पडद्यावर म्हातारीने पदराखालून कोंबडा काढला,
टेबलावर ठेवला. कारकून काहीतरी बोलला.
उत्तमने खाकरून पाणी प्यायलं.
"म्हण मरे, कितें म्हणटा तो?" तलाठी.
"म्हणटा... कोंबो बरो आसा. सही मात बुकरा."
तलाठी इतके हसले की चष्मा काढून पुसावा लागला.

सोमवारी मी फेरफाराची फाइल घेऊन गेलो.
त्यांनी मान वर केली, डोळे मिचकावले:
"बुकरा."
दोघेही पोट धरून हसलो.
बसस्टँडवर आल्यावर लक्षात आलं,
फाइल अजून माझ्याच काखेत.

मे महिन्यात दोह्याची नर्स एस्पेरांसा सुट्टीवर आली.
तोच भाग पुन्हा लागला होता.
जिना उतरताना हळूच म्हणाली,
कारकून तसलं काही बोललाच नाही.
तो म्हणाला, आई, कोंबडा घरी ने,
नातवाला रांधून घाल. सही केलीय.

मी उत्तमला गाठलं.
तो डिशचा नट आवळत होता, पाना दातांत.
पाना काढला, म्हणाला,
"तसं सांगितलं असतं,
तर कोण हसलं असतं?"