थरथरते हो, बाई

वैशाखात लकडगंजात कुणी सँडर दुरुस्तीला आणत नाही.
वैशाखात येतात कुलरचे पंप,
क्षाराने पांढरे पडलेले, ओल्या गवताच्या वासाचे,
आणि त्यांच्यामागे तापलेली माणसं:
आजच द्या बाई, घरी म्हातारी आहे.

डोमाजी मिस्त्री आले भर दोनला.
दुपट्ट्यात गुंडाळलेली मशीन
पंपांच्या गर्दीत जागा करून ठेवली.
म्हणाले, थरथरते हो, बाई. पाहा ना जरा.

मशीन उघडली की मालक कळतो.
चौदा वर्षं हेच करते आहे,
बोर्डावर सासऱ्यांचं नाव, आत पेचकस माझा.
कुणाच्या मशीनमधून प्लायचा भुसा निघतो, डिंकाच्या वासाचा,
कुणाच्या एमडीएफचं पीठ,
एकदा नाकात गेलं की दोन दिवस मुक्काम.
डोमाजींच्या मशीनमधून साग निघाला.
आलापल्लीचा असावा. तेलकट, बोटांना धरून राहणारा.
ब्रशने झटकला. ब्लोअर नाही लावला,
ब्लोअरने भुसा थेट बेअरिंगात शिरतो,
पोरांना हे दहादा सांगावं लागतं.

बेअरिंग बोटावर फिरवलं, कुरकुर नाही.
कार्बन अजून एक उन्हाळा काढेल.
पॅडचे काटे मात्र झिजलेले, कागद धरेनात,
आणि रबराची कडी एका बाजूने फाटलेली.
साठ रुपयांची वस्तू ती.
पण ती गेली की मशीन हवेत उचलताच पिसाळते,
आणि परत टेकताना लाकडावर
डुकराच्या शेपटीएवढी गोल रेघ सोडते,
जी पॉलिश चढेपर्यंत दडून बसते
आणि गिऱ्हाईक आलं की पहिली दिसते.

पॅड बदललं, कडी बदलली.
कागदाची आठ भोकं पॅडच्या आठ भोकांवर आणली,
भुसा पिशवीत जावा, कागदाखाली रांगत बसू नये म्हणून.

दुसऱ्या दिवशी पुन्हा दोनला.
थरथरतेच हो, अजून.

चहा आला.
डोमाजींच्या हातात कप बशीवर वाजू लागला,
बारीक, न थांबता.
मशीन टेबलावर होती. वायर गुंडाळलेली.
मी पंपांकडे पाहिलं, त्यांनी रस्त्याकडे.

कुलरच्या स्टँडखाली टेकू म्हणून सागाची फळी होती.
ती ओढून काढली. म्हटलं, तुम्हीच चालवून दाखवा.
आणि उगाच बोलून गेले,
दाबू नका बापू, नुसता हाताचा भार.
चाळीस वर्षं दारं घासणाऱ्या माणसाला!
ते काही बोलले नाहीत.
आधी टेकवली, मग बटण दाबलं.

ही मशीन गोल फिरते आणि फिरता फिरता गोलातून निसटते,
केलेल्या वाटेने परत जात नाही,
म्हणून तिचा ओरखडा मागे उरत नाही.
तिच्या त्या हजार हलण्यांत
डोमाजींच्या हाताचं एक हलणं शिरलं
आणि मला सापडेना.
ऐंशीचा कागद, मग एकशेवीस, मग एकशेऐंशी,
एकही पायरी न गाळता,
दर वेळी फळी दुपट्ट्याने पुसून.
उचलली, मग बंद केली. नव्या कडीने तिला लगेच आवरलं.

डोळे मिटून त्यांनी डावा तळवा फिरवला. मग मी माझा.
पाण्यावरून फिरवावा तसा.

हाव, ते म्हणाले,
मशीन तर ठीकच आहे व.

बिलावर लिहिलं: पॅड एक, कडी एक.
मजुरीचा रकाना तसाच ठेवला. त्यांनी तो पाहिला,
आणि वर वीस रुपये ठेवले, चहाचे म्हणाले.
मोजताना नोटा हलत होत्या.
वर पंखा होता.
मी पंख्याचंच म्हटलं.

बाई, माझा पंप? मागून कुणी ओरडलं,
सकाळपासून उभा आहे ना!