किरकोळ खर्चाची वही

हेस्टर ऑलरनशॉ गेली, त्याच्या तिसऱ्या दिवशी
लीड्समधल्या तिच्या कचेरीची किल्ली माझ्याकडे आली.
एकतीस वर्षं मी तिचा हिशेबनीस.
सिनेमातलं ह्याला ओ की ठो कळत नाही,
असं ती पाहुण्यांना कौतुकानं सांगायची.

भिंतीवर फिकट चौकोन; पोस्टरं पुतणीनं नेलेली.
कुठल्याशा महोत्सवातला पितळी मासा
दार वाऱ्यानं आपटू नये म्हणून जमिनीवर.

निर्माती म्हणजे नक्की काय गं करते ती,
माझ्या आईनं एकदा बायकोला विचारलं होतं.
बायको म्हणाली, पाऊस आला की सगळे आभाळाकडे बघतात,
ही घड्याळाकडे बघते.

म्हणतात, सगळी सोंगं आणता येतात, पैशाचं येत नाही.
हेस्टरनं आणलं. एकोणऐंशी साली,
कपडेपटातला फरचा कोट घालून ती बँकेत गेली,
बाहीत दडवलेल्या चिठ्ठीवर लिहिलेलं : सरदारीण, प्रवेश चौथा.
मी शेजारी बसून घामानं भिजलो.
कर्ज मिळालं. चित्रपट पडला.
कोट वेळेवर परत केला.

मग खालच्या खणात ही वही. सदुसष्ट सालची.
तिची पहिली मालिका, सहा भाग,
हलच्या बंदरावर नवऱ्यांची वाट बघणाऱ्या बायकांची.
ती आता कुठेही नाही.
टेप महाग होती. वाहिनीनं ती पुसून
तिच्यावर फुटबॉलचे सामने भरले.
कुठल्या टेपा पुसायच्या, त्या यादीवर
बरोबरच्या खुणा करणारा कारकून
मी होतो. तेवीस वर्षांचा, नीटनेटका.
तिला ते ठाऊक होतं.
सहा वर्षांनी तिनं मलाच नोकरीला बोलावलं,
म्हणाली, तू काही सोडत नाहीस, असाच माणूस हवा.
पुढे त्यावर ती कधी बोलली नाही, आणि मी तर नाहीच.

खुर्चीवर धूळ होती, म्हणून उभ्यानंच वाचली :

हेरिंग, दोन पेट्या.
हेरिंग, दोन पेट्या (कालचे नासले).
बाळ रडावं म्हणून त्याच्या आईला, दोन शिलिंग.
बाळ थांबेना म्हणून तिलाच, आणखी एक.
धुक्याची वाट बघणे : चहा, एकेचाळीस कप.
धुकं आलं : चहा नाही.
मिसेस पिकर्सगिल यांच्या खिडकीची काच.
डेन्झिल बुडाला नाही, त्याबद्दल ब्रँडी.
काळी शाल, एक. पुन्हा काळी शाल, सात.

सात शालींपाशी मी थांबलो.
पाचवा भाग असणार.
कोणीतरी धक्क्यावर पळत आलं असेल,
कोणीतरी दारातूनच ओळखलं असेल.
मी ती मालिका तेव्हाही पाहिली नव्हती,
आमच्या घरी टीव्ही नव्हता.

शेवटच्या पानावर बेरीज. नऊ पेन्सची चूक.
हात सवयीनं खिशाकडे गेला,
पेन्सिल निघाली, टोकही होतं.

खाली टॅक्सीवाला दुसऱ्यांदा हॉर्न वाजवत होता.
पेन्सिल परत ठेवली.
वही कोटाच्या आत धरून जिना उतरलो,
पोटाशी, चोरून आणलेल्या माशासारखी.
नऊ पेन्स अजून निघतात.