समोरचं नाव

घड्याळं नांदेडहून निघाली साडेसातच्या एसटीनं
आणि एसटी लोह्याच्या अलीकडंच बसली, टायर फुटून.
इकडं कंधारच्या शाळेत, सतरंजीवर
बेचाळीस पोरं पट मांडून तयार.
एका पटावर वजीर हरवलेला,
त्याच्या जागी झंडू बामची डबी.
पंच मी एकटा.
म्हटलं, ह्यांना गप बसवायचं तर
काहीतरी सांगावं लागंल.

सांगितलं :
लास्कर नावाचा एक होता, गणितातला माणूस,
सत्तावीस वर्षं जगज्जेता.
तुमच्या हेडसरांची नोकरीसुद्धा नाही झाली तेवढी.
हेडसर खुर्चीत जरा हलले.

सांगितलं :
क्यूबाचा एक पोरगा, वय वर्षं चार.
बापाचा डाव बघता बघता म्हणे बोलला,
बाबा, तुमचा घोडा चुकीच्या घरात गेला.
मोठेपणी आठ वर्षं तो एकही डाव हरला नाही.
आणि पेट्रोस्यान, त्याला ऐकू कमी यायचं,
खोलीत कालवा वाढला की
कानातलं यंत्रच बंद करून टाकायचा.
मागच्या रांगेनं लगेच कानांत बोटं घातली.

किल्लेकोट मात्र इथं कुणाला शिकवावा लागत नाही,
खंदक रोज येता-जाता दिसतो.

मग राखून ठेवलेलं काढलं :
पोलंडचा नायदॉर्फ, खेळायला अर्जेंटिनात गेला
आणि मागं लढाई पेटली. घरचे तिकडंच.
पुढं ब्राझीलमध्ये, पट न बघता,
पंचेचाळीस जणांशी एकाच वेळी खेळला.
का, तर म्हणतात,
पेपरात नाव छापून येईल,
कुणीतरी उरलेलं असलं तर वाचेल.
एकोणचाळीस जिंकला, चार बरोबरीत, दोन हरला.

पोरं गप्प.
पंख्याचा तेवढा कटकट आवाज.

"ते दोघं कोण, सर?"
डबीवाल्या पटामागून. शिवकन्या केंद्रे, सातवी.
"कोण दोघं?"
"ज्यांनी हरवलं ते."
मी म्हटलं, बाई, ते काही लिहून ठेवलं नाही मी.
"मग सत्तावीस वर्षं त्याच्यासमोर कोण कोण बसलं?
आठ वर्षांनी त्या क्यूबावाल्याला पाडलं कुणी?"
"रेटी," म्हटलं. तेवढं एक येत होतं.
तिनं वहीत लिहिलं. 'रेटी. गाव?'

घाम पुसला.
मग आठवलं, व्हेरा मेंचिक,
बायकांतली पहिली जगज्जेती, पुरुषांच्या स्पर्धेत एकटी.
एक मास्टर हसून म्हणाला,
हिच्याशी जो हरेल त्याला आपण
हिच्या क्लबात सभासद करून घेऊ.
"मग?"
पहिला सभासद तोच झाला, बेकर.
पुढं क्लब चांगलाच वाढला.
शिवकन्या हसली नाही.
"म्हणजे तिची यादी होती."
"लोकांनी केली. थट्टेत."
"असू द्या. नावं तर राहिली."

पावणेबाराला घड्याळं आली, धुळीनं भरलेली.
आठातली सहा चालली.
चौथ्या फेरीत शिवकन्येनं झंडू बामच्या डबीनं
मुखेडच्या एका पोराला मात दिली.
डबी उचलून ठेवताना जरा वास आला.
पाचवीत ती हरली, देगलूरच्या पोरीशी,
हत्ती उगाच देऊन बसली.

दोन्ही वेळा डाव संपल्यावर
वही पुढं केली तिनं.
"पूर्ण नाव सांग. वडलांचं बी. गाव.
सानप का सानपे? नीट सांग."
मुखेडचं पोरगं रडवेलं झालेलं,
तरी त्यानं आडनाव दोनदा सांगितलं.

निकालपत्रात मी एक आणि शून्य लिहितो,
वीस वर्षं तेच लिहीत आलोय.

रात्री घरी जुने अंक काढले, पुतण्याचा फोन घेतला,
ब्राझीलचे ते दोघं शोधत बसलो.
मला सापडले नाहीत. कुठंतरी असतीलच.
माझ्या वहीत, नायदॉर्फच्या पानाखाली,
दोन ओळी कोऱ्या सोडल्यात,
आडनाव लांब असलं तरी मावेल इतक्या.