तासिका तत्त्वावर

रावेरचं कॉलेज, खोली नंबर सात.
पंखा आहे, वीज यायची आहे.
मी फळ्यावर लिहितो: समाज म्हणजे शरीर.
प्रत्येक अवयवाला काम, कामातून तोल,
आणि तोल म्हणजे सगळं ठीक.
उदाहरण मागतात, म्हणून खिडकीतून स्टेशनाकडे बोट दाखवतो.
कापणारा कापतो, वाहणारा वाहतो,
रचणारा वॅगनीत घड रचतो,
हिरवी निघालेली केळी दिल्लीत पिवळी होतात.
वरचा कुणी नाही, खालचा कुणी नाही,
नुसतं कार्य.

मागच्या बाकावर नानसिंग बारेला.
रात्री दोनपर्यंत वॅगन भरून आलेला,
हात वर न करता विचारतो,
"सर, ज्याच्या खांद्यावर घड हाये
तो या आंगातला कोनता भाग?
आन् तो खाली बसला तं
ताप आंगाले येतो, का मुकादमाले?"

संघर्षाचं प्रकरण दिवाळीनंतर होतं.
विद्यापीठाच्या नियोजनात तसं छापलेलं.
ते श्रावणातच आलं,
चप्पल न काढता.

मी खडू झटकला. म्हणालो, पुढच्या तासाला.

पुढच्या तासाला मी त्यांना लांब नेलं,
जिथं हे सगळं जन्मलं:
धुराडी उठत होती, गावं ओस पडत होती,
कुणाला कळेना आपण आता कुणाचे.
कुणी म्हणालं, तराजू सांभाळा.
कुणी म्हणालं, आधी विचारा तराजू कुणाचा.
कुणी म्हणालं, तराजू सोडा,
दोन माणसं बोलतात तेव्हा काय होतं ते बघा,
ती एकमेकांना खुणांनी वाचतात.
पुस्तकातल्या खुणा हॅटच्या, हस्तांदोलनाच्या,
कुठल्याशा थंड शहरातल्या.

जरीना तडवी उठली, नानसिंगची बाही धरून दाखवली.
केळीचा चीक.
लागतो तेव्हा पाण्यासारखा,
सुकला की काळा,
मग सदरा फाटेपर्यंत सोबत.
"हा डाग बघून कंडक्टर आधी सुट्टे मागतो,
बँकेतला साहेब फॉर्म न वाचता परत देतो,
आणि हा, सर, लग्नातसुद्धा
हात पाठीमागे धरून उभा राहतो.
डाग सदऱ्याचा आहे. ते उभं राहणं
आता याचंच झालंय."

मी यावर दोन तास बोलणार होतो.

ती बसली नाही.
"आणि माझी आई घडांखाली पाला अंथरते,
फळाला खरचटू नये म्हणून.
मुकादमाच्या वहीत बापाचं नाव आहे.
त्यापुढे लिहिलंय, व इतर एक.
हे कोणत्या प्रकरणात येतं?"

येतं, म्हणालो. शेवटून दुसऱ्या.

थंडीत सत्तेचं प्रकरण काढलं.
सत्ता फक्त राजवाड्यात नसते,
रकान्यात असते, घंटेत, बाकांच्या रांगेत,
असं सांगत मी हजेरी घेत होतो.
कुणी हसलं नाही.
मीच अडखळलो, पेन उघडं,
बारेला, नानसिंग,
गैरहजर.

एप्रिलात पारा पंचेचाळीसवर.
शेवटचं प्रकरण: मोठ्या कहाण्या आता संपल्या.
वर्गात तीन मुलं, एक चिमणी.
माझं सप्टेंबरचं बिल अजून जळगावला अडकलेलं.

मे महिन्यात उत्तरपत्रिकांचा गठ्ठा.
'सामाजिक सिद्धांताचे प्रमुख संप्रदाय सोदाहरण स्पष्ट करा.'
गुण पंधरा.
सगळ्यांनी माझंच शरीर मला परत दिलंय,
अवयव मोजून, अधोरेखित.
एका पत्रिकेच्या कोपऱ्यावर काळा डाग, अंगठ्याएवढा.
नाव पट्टीखाली झाकलेलं.
आत तीनच ओळी:

समाज शरीर आहे असे सर म्हणतात.
सर तासावर आहेत.
आम्ही घडावर.

नमुना उत्तरात हे नाही.
तपासणीचा दर पत्रिकेमागे ठरलेला,
तीन ओळींना तोच, तीस पानांना तोच.
मी ती गठ्ठ्याच्या तळाशी सारली.
मग काढून वर ठेवली.
मग पुन्हा तळाशी.