एल्डर स्ट्रीट, पायऱ्या दोनशे बारा

नकाशात हा रस्ता सरळ आहे.
खालच्या कार्सन स्ट्रीटपासून वरच्या चर्चपर्यंत
एक करडी रेघ, बाकीच्या रेघांसारखीच.
प्रत्यक्षात तो जिना आहे.
नावाची निळी पाटी, घरांना नंबर,
पालिकेच्या दफ्तरी रस्ता म्हणून नोंद.
फक्त चाक असलेलं काहीही इथे येत नाही.

मी एकोणीस वर्षं इथे टपाल टाकतोय.
डावा गुडघा उतरताना बोलतो, उजवा चढताना.
बर्फात दोघे एकदम.

घरं डोंगराला अशी बिलगलेली
की नदीकडून तीन मजली, मागून जेमतेम एक.
ह्राबोवस्कीबाईंनी पुढचं दार उघडलं
की समोर शेजाऱ्याचं धुराडं.
त्याखाली मोनोंगहेला, कोळशाचे बार्ज,
आणि भट्ट्या होत्या तिथे आता
सिनेमा, बुटांची दुकानं, आइस्क्रीम.
बाईंच्या तळघरात मात्र अजून तो संडास आहे,
ना भिंत ना दार, मधोमध उघडा,
शेजारी नळ.
पाळीवरून आलेल्या नवऱ्यानं काजळी तिथेच उतरवायची,
मग वर यायचं.
नवरा जाऊन सव्वीस वर्षं झाली.
"फोडून टाका की," मी म्हणालो.
"मग तू कुठे जाशील?"
खरंय. तो आता मीच वापरतो.

साऱ्या देशाचं
'तू' आणि 'तुम्ही' एकाच शब्दात भागतं.
पिट्सबर्गच्या या उतारावर नाही भागलं.
इथे म्हणतात 'यिन्झ':
दारात उभे असाल ते,
आणि आत, न दिसणारे, तेही.

ढुंगेल मंडळी आली तेव्हा
म्हातारा टीकाराम न थांबता वर गेला.
शेवटच्या पायरीवर वळून त्यानं खाली पाहिलं,
छपरं, नदी, पलीकडचा डोंगर,
आणि हसला.
"आधी सपाट गावात ठेवलं होतं," मुलगी सांगत होती,
"बाबांना झोपच यायची नाही."

वर, जिथे गाड्यांचा रस्ता सुरू होतो,
तिथला एक कायदा कुठल्याच पुस्तकात नाही.
फावड्यानं बर्फ उपसा, खुर्ची ठेवा,
जागा तुमची.
क्लिओटस बार्नबीची खुर्ची स्वयंपाकघरातली,
पिवळी, फाटल्या जागी चिकटपट्टी.

फेब्रुवारीत तो कोसळला,
आपल्याच दाराशी, एकशे एकतिसाव्या पायरीवर.
खाली अॅम्ब्युलन्स दिवे फिरवत उभी,
तिच्या नकाशात रस्ता सरळ होता.
कुणीतरी वरून खुर्ची आणली.
कॉलेजची दोन पोरं, ढुंगेलांचा जावई,
चौथा पाय माझ्या हातात, खांद्यावर टपाल तसंच.
पुढे ह्राबोवस्कीबाई,
कोंबड्यांना दाणे टाकावेत तसं मीठ टाकत.
म्हातारा टीकाराम पायऱ्या मोजत होता, मोठ्यानं, नेपाळीत.
आकडे कळत नव्हते,
पण कमी होतायत एवढं कळत होतं.
बार्नबी एकदाच बोलला:
"खुर्ची परत ठेवा रे. माझी जागा जाईल."

त्याचं टपाल आता कोलंबसला जातं.
मुलीच्या घरी लिफ्ट आहे म्हणे.

जुलै सुरू आहे.
कठड्यावर रानवेल चढलेली,
नव्वदाव्या पायरीला पालिकेनं पिवळी फीत बांधून
दुरुस्तीचं वचन दिलंय, तेही तिसऱ्यांदा.
आणि वर, दोन गाड्यांच्या मध्ये, ती खुर्ची.
नवा भाडेकरू तीन फेऱ्या मारून थांबला,
काच खाली करून विचारलं, "ही कुणाची?"
मी पत्रं चाळत राहिलो.
त्यानं गाडी दोन गल्ल्या पलीकडे लावली.

दमलो की मीच बसतो तिच्यावर, मिनिटभर.
बाईंची खिडकी वाजली
की उठतो.