बिटाइम्स

एका अर्थाला एक कार्ड, असा आमच्या बोलीकोशाचा शिरस्ता.

लिस्नास्कीच्या खाली, अर्न तळ्याकडं उतरणाऱ्या बोळात
सेप्टिमस नोबल दुधाचे कॅन विसळत होता.
बिटाइम्स म्हणजे काय हो तुमच्याकडं?
"हा बोळच बघा की," तो म्हणाला,
"बिटाइम्स तळ्याबाहेर, बिटाइम्स तळ्यात.
आमचा भाऊही तसलाच. बिटाइम्स शुद्धीत."
मी लिहिलं: अधूनमधून. कार्ड पहिलं.

मिस ऑलिव्ह क्रोझियर चर्चचं पितळ घासता घासता
एकदम ताठ झाल्या.
"अधूनमधून? ही गोठ्यातली भाषा.
रविवारच्या वाचनातले म्हातारे बिटाइम्स उठतात,
गाढवावर खोगीर चढवतात, डोंगराकडं निघतात.
ते काय अधूनमधून उठायचे?"
दुसरं कार्ड: भल्या पहाटे.
कोपऱ्यात 'जुनं' अशी खूण करायला गेले,
तर त्यांनी माझ्या हाताकडं असं पाहिलं
की पेन्सिल आपोआप खाली आली.

तिसरं गुरांच्या डॉक्टरचं, क्रेटनचं.
हात कोपरापर्यंत गाईत, तोंड माझ्याकडं:
"वासरू आडवं आलं की मला बिटाइम्स बोलवा, सांगून थकलो.
बोलावतात की.
वासरू गेल्यावर."
वेळीच, असं लिहिलं.
उदाहरणाच्या जागी वासरू.

व्याकरण अशा शब्दाला अव्यय म्हणतं.
ज्याचा व्यय होत नाही.
ना लिंग, ना वचन, ना विभक्तीचं झेंगट,
वापरा, विसळा, पालथं घाला.

मग नॉरिस बीटी आला, ग्रीनॉकहून, रात्रीच्या बोटीनं,
गोदीतल्या वेल्डिंगनं डोळ्यांच्या कडा लाल,
आई जाऊन सहा आठवडे झाल्यावर.
शब्द विचारत फिरणारी बाई आलीय, हे त्याला क्रीमरीत कळलेलं.
बसला नाही. कोटाच्या आतल्या खिशातून पत्र काढलं.
"ही ओळ. तुम्ही सांगा."

पाच ओळींचं पत्र, हेस्टर बीटीच्या गोल अक्षरात.
कालवड अजून ठरलेली नाही.
पत्रा दोन ठिकाणी गळतो.
नोबलचा भाऊ तळ्यात पडला होता, काढला.
नॉरिस, घरी बिटाइम्स ये.
पायमोजे पाठवतेय.

हे आता ज्या भाषेत लिहितेय, तिच्यात
'ये' वेगळं आणि 'येत जा' वेगळं,
तिथल्या तिथं निकाल लागला असता.
हेस्टरच्या भाषेत येणं एकच.
सगळा भार त्या एका अव्ययावर.

"मी येत होतो," नॉरिस म्हणाला,
"हॅलोवीनला. एकदा ईस्टरला, बायकोला घेऊन.
इथं त्याचा अर्थ तोच ना?"

अक्षर नीट दिसेना म्हणून पत्र खिडकीशी नेलं.
उजेडात कागदाच्या पोटातून
त्या शब्दाखालचा शब्द वर आला.
आधी तिनं 'लवकर' लिहिलं होतं.
मग निब दाबून, आडव्या रेघा मारमारून खोडलं होतं,
आणि वर हा ठेवला होता,
मुलाला टोचणार नाही असा,
हवा तर पहाटेचा, हवा तर वेळेतला,
आणि नाहीच जमलं, तर अधूनमधूनचा.

"या भागात सर्रास अधूनमधूनच," मी म्हणाले.
खोटं नव्हतं.
पहिल्या कार्डावर तसंच आहे, सेप्टिमसच्या नावासकट.

त्यानं पत्राची घडी घातली, जुन्याच घड्यांवरून.
दाराशी थांबून विचारलं,
पत्रे ठोकायला कुणी मिळेल का इथं.

चौथ्या कार्डावर फक्त एवढंच आहे:
हेस्टर बीटी, नोव्हेंबर, निळी शाई.
अर्थाची जागा कोरी.
ते पेटीत नाही, माझ्याकडं आहे.
बिटाइम्स काढून बघते.